पालथे पात्र

अश्मक देशात पोतन नगरीवर अंजनराजाची सत्ता होती, त्या काळात बोधिसत्त्व एका धान्यव्यापाऱ्याच्या घरी जन्माला आला. त्याचे नाव सुयाम. मिसरूड फुटायच्या आतच हा मुलगा पोत्यात हात घालून सांगू लागला, की हे धान्य कोणत्या शिवारातले, त्याला किती ऊन लागले आहे आणि विकणारा थापा मारतो आहे की काय. बापाला वाटले, पोरगा घराण्याचे नाव काढणार. पोराने डोके मुंडले. आपल्या शास्त्यांच्या, म्हणजे आताच्या बुद्धांच्या, आधीच्या एका बुद्धाचे धर्मशासन तेव्हा जगात चालू होते, आणि नगरीपासून एका दिवसाच्या वाटेवर, करंज डोंगरात, भिक्खूंचा एक विहार होता. सुयाम तिथे गेला तो तिथलाच झाला. बापाने कपाळाला हात लावला आणि दुकानाला दुसरा माणूस शोधला.

विहारात साठ भिक्खू होते. शेत नाही, गुरे नाहीत, कोठार नाही. रोज सकाळी ते साठ जण पात्रे घेऊन डोंगराखालच्या वेणुगावात उतरत आणि आळ्या वाटून घेऊन फिरत. नियम असा, की एकही घर गाळायचे नाही. श्रीमंताच्या दारात रेंगाळायचे नाही, गरिबाच्या दारावरून भराभर जायचे नाही. दारात उभे राहायचे, मागायचे नाही, बोलायचे नाही. एक पळी वाढायला जेवढा वेळ लागतो तेवढे थांबायचे, मिळाले तर घ्यायचे, नाही मिळाले तरी तोंड वाकडे न करता पुढे व्हायचे.

सुयामाच्या वाट्याला खालची आळी आली होती. आळीच्या टोकाला शेवटचे घर तुंबी नावाच्या विधवेचे. ती वेळूची सुपे आणि चाळण्या विणी, आणि तिच्या प्रत्येक सुपाच्या काठाला एक लाल पट्टी असे. ती रोज एक पळी राळ्याचा भात पात्रात घाली. भिक्खूने बोलायचे नाही हा नियम होता, पण वाढणारणीने बोलू नये असे कुठे होते? तुंबी बोलायची. "वरच्या आळीची सुतारीण तीन दिवस तापानं फणफणतेय, भंते." किंवा, "नदीकडच्या विहिरीचं पाणी बिघडलंय, पोरांची पोटं दुखतायत." सुयाम मान न हलवता ऐके आणि पुढे जाई. जेवण झाल्यावर तो वैद्यकी जाणणाऱ्या भिक्खूच्या कानावर घाली, आणि दुपारी तो भिक्खू मुळ्या घेऊन सुताराच्या दारात हजर होई. गावाला वाटे, डोंगरावरच्या लोकांना दिव्य दृष्टी आहे. दिव्य दृष्टी कसली, तुंबीचे तोंड होते ते.

याच रिवाजाची आणखी एक बाजू इथेच सांगून ठेवतो. एकदा गावच्या मुख्याने एका भिक्खूवर चोरीचा खोटा आळ घेतला. संघाने सभा भरवली आणि त्याच्या घरावर पात्र पालथे घातले. म्हणजे दुसऱ्या दिवसापासून भिक्खू त्याच्या दारावरून गेले ते न थांबता, पात्राचे तोंड जमिनीकडे करून. शिव्या नाहीत, शाप नाहीत. पण ज्याच्या हातचे संघ घेत नाही, त्याच्या चुलीतला विस्तव कोण नेणार? शेजारणी दुसऱ्या घरून निखारे आणू लागल्या. मुख्याने आठ दिवस ताठा धरला, नवव्या दिवशी डोंगर चढून आला, लोटांगण घातले आणि चूक कबूल केली. दहाव्या दिवशी पात्र सुलटे झाले. हे वेणुगावात लहानथोर सगळ्यांना ठाऊक होते आणि सगळ्यांनाच त्याची धास्ती होती.

सुयामाला विहारात येऊन दहा वर्षे झाली, तेव्हा एका वर्षी पावसाने ओढ दिली. एका सकाळी तुंबीच्या दारात उभा असताना त्याला आतून आवाज ऐकू आला. पळी मडक्याच्या बुडाला खरवडत होती. धान्याच्या दुकानात वाढलेल्याला तो आवाज ओळखायला कोणी शिकवावे लागत नाही. म्हातारी नेहमीसारखी भरली पळी घेऊन बाहेर आली, नेहमीसारखी बोलली, आणि मडके रिकामे झाले आहे याचा तिने चेहऱ्यावर पत्ता लागू दिला नाही.

त्या दिवशी सुयाम पात्रातल्या भाताकडे पाहत बसला. साठ धडधाकट माणसे रोज डोंगर उतरतो आणि भुकेल्यांच्या मडक्यात हात घालतो, याला धर्म कसे म्हणायचे? तो महाथेर वसभांकडे गेला. वसभ विहाराचे प्रमुख होते, वयाने फार थकलेले, पण ऐकण्यात पक्के.

"भंते, राजाकडून धान्य मिळालं तर गावावर आपला भार राहणार नाही," सुयाम म्हणाला.

"सगळ्या बाजूंनी विचार केलास का, आवुसो?"

"केला, भंते."

त्याने खरोखरच केला होता. कोणते धान्य, किती, ते कुठे ठेवायचे, उंदीर कसे आवरायचे, सगळे त्याच्या डोक्यात तयार होते. विचार केला होता तो धान्याचा. माणसांचा करायचा राहिला, हे त्याच्या लक्षात यायला सहा वर्षे लागली.

सुयाम पोतन नगरीला गेला. अंजनराजा उदार होता आणि त्याला पुण्याची हौस होती. वेणुगावच्या पिकातला जो वाटा राजाकडे जाई, त्यातून साठ भिक्खूंना पुरून उरेल एवढे धान्य दरवर्षी विहाराला द्यायचे त्याने कबूल केले. व्यापाऱ्याच्या पोराला तेवढ्यावर भागेना. आजचा राजा देईल, उद्याचा हात आखडेल. त्याने हात जोडून विनंती केली, की हे दान विहाराच्या दाराशी खडकात कोरले जावे, आणि खाली एक ओळ असावी: चंद्रसूर्य आहेत तोवर हे कोणी कमी करू नये, कोणी माफ करू नये.

राजा हसला. "भंते, तुम्ही व्यापार सोडलात खरं, पण व्यापारानं काही तुम्हाला सोडलेलं नाही."

ओळ कोरली गेली. येत्या पौर्णिमेपासून भिक्षेला उतरायचे नाही असे संघाने ठरवले.

पौर्णिमेच्या आदल्या सकाळी सुयाम शेवटचा खाली आला. तुंबीने पळी भरून वाढली. उद्यापासून ही पळी तुझ्याच पानात पडणार आहे, हे सांगायला त्याची जीभ शिवशिवत होती. पण भिक्खूने दारात बोलायचे नाही. शिवाय त्याला वाटले, सांगायचे कशाला? उद्या मडक्यात एक पळी भात उरेल तेव्हा तिला आपोआप कळेल. तो मनातल्या मनात हसत डोंगर चढला. जेवताना त्याच्या दाताखाली खडा आला. म्हातारी खळ्यातली झाडलोट चाळून शिजवते आहे हे त्याने ओळखले, खडा बाजूला काढून ठेवला आणि म्हणाला, बरे झाले, आजचा शेवटचा दिवस.

गावाला कोणी सांगितले नाही. भिक्खूंना वाटले, राजाचा माणूस दवंडी पिटेल तेव्हा सांगेल. राजाच्या माणसाने दवंडी पिटली ती एवढीच, की आता वाट्याचे धान्य विहाराच्या कोठारात भरायचे. बाकीचे विहार सांगेल, असे त्याला वाटले. दोघांनी एकमेकांवर सोडले आणि दोघेही निर्धास्त झाले.

त्यानंतर विहाराला चांगले दिवस आले. खडकात पाच खणांचे कोठार खोदले गेले आणि सुयाम त्याचा कोठारी झाला. धान्य मोजून आणायला पिंगल नावाचा राजाचा माप्या होता, कोठाराच्या वाटेवर त्याची माणसे पहाऱ्याला असत. मुदपाकखाना उभा राहिला, आणि भिक्खूने चूल पेटवायची नाही म्हणून त्यात राजाचे आचारी रांधू लागले. सकाळचा वेळ मोकळा झाल्यामुळे भिक्खू ध्यानाला बसू लागले, दूरदूरचे पंडित येऊन राहू लागले, वादविवाद रंगू लागले. इतक्या सुखात वैराग्य साधते हे आधी कोणाला माहीत नव्हते. साठ पात्रे साठ खुंट्यांना टांगली गेली, आणि कोळ्यांना हक्काचे घर मिळाले.

धर्मश्रवणाच्या दिवशी गावकरी यायचे ते कमी होत गेले, मग येईनासे झाले. विहारात म्हणाले, शेतीची कामे असतील. सुयामाला मात्र जेवताना रोज तुंबीची आठवण होई. आता ती पोटभर जेवत असेल, असे मनात आले की त्याला भात गोड लागे. कोठारात सुपे लागत, ती पिंगल गावातून आणी, आणि त्यांतल्या एखाद्याला लाल पट्टी दिसली की सुयाम ते सूप आपल्याकडे ठेवून घेई. सहा वर्षे हा माणूस एका म्हातारीच्या तृप्तीवर सुखी होता. ती तृप्ती त्याने डोळ्यांनी कधी पाहिली नव्हती. खाली उतरावे असे एकदोनदा मनात आले, पण आपण न जाणे हेच तिला आपले देणे आहे, असे म्हणून तो कामाला लागे.

शेवटची दोन वर्षे पाऊस फिरकलाच नाही. डोंगरावरून शिवार पिवळे पडलेले दिसत होते. पण कोठारात धान्याची भर पडतच होती, आणि भिक्खू एकमेकांना सांगत, की खाली नसते तर वर आले असते का? बोलणे बिनतोड होते. सुयामालाही ते पटले होते.

सहाव्या वर्षीचे धान्य आले त्या दिवशी सकाळी त्याने सवयीने एका पोत्यात हात घातला आणि तो तिथेच थांबला. बोटांना राख लागली होती. त्याने ओंजळ भरून बाहेर काढली. राळ्याच्या दाण्यांना राख चोळलेली होती आणि मधूनमधून कडुनिंबाची सुकलेली पाने होती. त्याने दुसरे पोते पाहिले, तिसरे पाहिले. राख आणि कडुनिंब माणूस खायच्या धान्यात घालत नाही. किडीपासून जपायच्या धान्यात घालतो.

"पिंगला, हे बियाणं आहे," तो म्हणाला.

"माप भरलंय ना, भंते?"

"बियाणं दिलं तर गाव पेरणार काय?"

"ते मला कसं ठाऊक असणार?" पिंगल माणूस दुष्ट नव्हता. त्याने पागोटे काढून घाम पुसला. "राजाचा वाटा असता तर दोन वर्षांपूर्वीच माफ झाला असता. दुष्काळात राजा सोडतोच. पण हे संघाचं. ते सोडायचा अधिकार मला नाही, राजालाही नाही. तुम्हीच तशी ओळ कोरून घेतलीत. रोज येताजाता वाचतो मी."

 सुयाम आत गेला, खुंटीवरचे आपले पात्र काढले, जाळी पुसली आणि डोंगर उतरू लागला.

खालच्या आळीत निम्म्या घरांना दारे लावलेली होती, आणि ती माणसे गाव सोडून गेल्याची दारे होती. उरलेल्या घरांतली माणसे त्याला पाहून आत सरकली. तो प्रत्येक दारात थांबला, एक पळी वाढायच्या वेळाइतका. कोणी बाहेर आले नाही. एका घरातून बाईचा दबका आवाज आला, "आता आणि काय न्यायला आलेत?" सुयामाने आयुष्यात पुष्कळ रिकामी दारे पाहिली होती, पण त्याला भिणारे दार त्याने पहिल्यांदा पाहिले.

शेवटच्या घरी तुंबी चटईवर पडून होती. शरीरात काही उरले नव्हते, आणि डोळ्यांत फूल पडले होते. दारातला उजेड अडला तशी ती म्हणाली, "कोण आहे?"

भिक्खूने दारात बोलायचे नाही. सुयाम बोलला. "मी सुयाम. खालच्या आळीला येत होतो तो."

म्हातारी कशीबशी उठून बसली. "पात्र आणलंय?"

"आणलंय."

"सुलटं आहे का पालथं? मला दिसत नाही हो."

त्याने खाली बसून पात्र तिच्यापुढे धरले. तिने काठावरून हात फिरवला, मग आत हात घातला, अगदी बुडापर्यंत. "सुलटं आहे," ती म्हणाली, आणि तिच्या डोळ्यांतून पाणी वाहू लागले.

"पालथं कशाला असेल, आई?"

"त्या दिवशी भातात खडा गेला, भंते. तुम्ही गेल्यावर मी उरलेला खायला बसले, तर माझ्या दाताखाली आला. म्हटलं, देवा, पात्रात पण गेला असणार. म्हटलं, उद्या येतील तेव्हा पाया पडेन. उद्या कोणी आलंच नाही." ती दम घ्यायला थांबली. "गाव म्हणायला लागलं, संघानं अख्ख्या गावावर पात्र पालथं घातलं. कोणामुळं? कोणाला समजेना. मग मी सांगितलं, माझ्यामुळं. सुपं विणणारीच्या हातनं खडा गेला, यापरतं पाप कुठलं?"

"तू वर का नाही आलीस?"

"दोनदा आले. वाटेवरच्या माणसांनी विचारलं, माप आणलंस? म्हटलं, नाही, क्षमा मागायला आलेय. ते म्हणाले, इथं धान्य घेतात."

सुयामाने विचारले, "आणि उपासमार झाली तेव्हा? कोठार भरलेलं होतं, आई. गावानं मागायचं होतं."

"ज्यांच्या हातचं तुम्ही घेत नाही, त्यांनी तुमच्याकडं कोणत्या तोंडानं मागायचं?"

मग सुयामाने तिला सांगितले. पळी मडक्याच्या बुडाला लागल्याचा आवाज, राजा, दान, शेवटची सकाळ, सगळे. तुझ्या पोटात एक पळी जास्त जावी एवढ्यासाठी आम्ही यायचे थांबलो, असे तो म्हणाला.  म्हातारी रागावली नाही, रडली नाही.

"मग तेवढं सांगायचं होतं हो," ती म्हणाली.

 तुंबी सरकत कोपऱ्यात गेली आणि आढ्याला टांगलेला वाळक्या भोपळ्याचा तुंबा चाचपडत काढला. बूच काढून त्यातले राळे तिने लाल पट्टीच्या सुपात ओतले. ओंजळभर होते. दाणा न् दाणा निवडलेला, एक खडा नाही, एक कोंडा नाही. दर सुगीला ती जुने काढून नवे भरत आली होती, पात्र परत आले तर असावे म्हणून. डोळे गेल्यावर तिने ते बोटांनी निवडले होते. दोन वर्षांच्या उपासमारीत तो तुंबा तिच्या डोक्यावर टांगलेला होता आणि तिने त्याला हात लावला नव्हता.

"शिजवायचं बळ नाही," ती म्हणाली. "कोरडंच घ्या."

सुयाम हात मागे घेणार होता. त्याला दिसत होते की हेच धान्य तिच्या पोटात गेले पाहिजे. पण पात्र मागे घेतले तर ते पुन्हा पालथे झाले असते, आणि या वेळी खरोखरच झाले असते. त्याने पात्र पुढे केले. तिने सूप हलके झटकून त्यात राळे ओतले. इतके जड दान त्याने त्या जन्मात दुसरे घेतले नाही.

"मी आत्ता येतो, आई," तो म्हणाला. "पेज घेऊन येतो."

"या," ती म्हणाली. "मी कुठं जातेय?"

तो धावत डोंगर चढला, राळे मुदपाकखान्यातल्या आचाऱ्याकडे शिजायला दिले, घंटा वाजवली आणि संघ गोळा केला. पोत्यातल्या राख चोळलेल्या बियाण्याची ओंजळ त्याने सर्वांपुढे ओतली आणि कोठार उघडायची परवानगी मागितली. भिक्खू हळहळले. पण विनय, म्हणजे भिक्खूंचे नियम, जाणणारा एक पंडित उठला आणि म्हणाला, "संघाचं धान्य वाटून टाकायचा अधिकार एकट्या भिक्खूला नाही आणि संघालाही नाही. दाराशी कोरलं आहे." दुसऱ्याने त्याला दुजोरा दिला, तिसऱ्याने शंका काढली, चौथ्याने शंकेचे निरसन केले. सहा वर्षांत वादविवाद चांगलाच मुरला होता. सूर्य डोक्यावर आला आणि ढळला.

शेवटी सुयाम म्हणाला, "कोठारातलं धान्य संघाचं आहे. पण जे भिक्खूच्या पात्रात पडलं, ते त्या भिक्खूचं. ते तो कोणालाही देऊ शकतो. मी कोठारी आहे. पात्रं आणा, मी वाढतो. एकदा वाढून घेतल्यावर पुन्हा येऊ नये, असं कुठंही कोरलेलं नाही."

 महाथेर वसभ इतका वेळ डोळे मिटून बसले होते. ते म्हणाले, "माझं पात्र खुंटीवरून काढा."

ते काढले तर आत कुंभारमाशीने मातीचे घर केलेले निघाले. वसभांनी ते आपल्या नखांनी खरवडून काढले, पात्र धुतले आणि ते सगळ्यांच्या पुढे कोठारापाशी जाऊन उभे राहिले. मग एकेक करून साठही जण उठले. पिंगलाची माणसे वाट सोडून बाजूला झाली. साठ पात्रे भरून डोंगर उतरू लागली, रिकामी होऊन परत चढू लागली, आणि हे दिवस मावळेपर्यंत चालले.

वाढायचे माप दुसऱ्या भिक्खूच्या हाती देऊन सुयाम पेज घेऊन सर्वांच्या आधी निघाला होता. आयुष्यात पहिल्यांदाच त्याने आळीतली सगळी घरे गाळली आणि तो सरळ शेवटच्या घरी गेला. तुंबी भिंतीला टेकून बसली होती, सूप मांडीवर होते. अंग अजून कोमट होते.

तो तिच्यासमोर बसून राहिला. पेज पात्रात निवत होती. तेव्हा कुठे त्याला ती चूल दिसली, दारापासून चार पावलांवर, बाजूला मडके आणि वेळूच्या कपच्या. ते ओंजळभर राळे तिच्याच चुलीवर शिजवून तिला भरवायला कितीसा वेळ लागला असता? भिक्खूने चूल पेटवायची नाही असा नियम होता. दारात बोलायचे नाही हा नियम त्याने सकाळी मोडला होता. दुसरा मोडावा हे त्याला सुचलेसुद्धा नाही. सभेत जेवढा वेळ गेला, तेवढाच तिला हवा होता.

ती पेज त्याने शेजारच्या घरी नेली. तिथल्या बाईने ती आपल्या लेकरांना पाजली. सहा वर्षांपूर्वी सांगायचे होते ते सुयामाने तिला आता सांगितले. तुंबीमुळे नव्हे, कोणामुळेच नव्हे, पात्र कधी पालथे झालेच नव्हते. बाईने ऐकून घेतले. मग तिने तुंबीच्या घराकडे पाहिले.

"तिच्या चुलीतला विस्तव आम्ही सहा वर्षं घेतला नाही," ती म्हणाली.

त्या संध्याकाळी सगळ्या आळीने तुंबीला उचलले. सुयामाने स्वतः पुढे होऊन लाकडे रचली.

बियाणे राखेसकट परत गेले. पुढच्या मृगात पाऊस पडला आणि गावाने पेरले, पण चाळीस घरांची माणसे गेली ती गेलीच. सुयाम पोतन नगरीला गेला आणि दिलेले दान राजाने परत घ्यावे अशी विनवणी केली. अंजनराजाला हे मागणे चमत्कारिक वाटले. मागायला लोक त्याच्याकडे येत, परत करायला हा पहिलाच. पण सगळे ऐकल्यावर त्याने पाथरवट पाठवला. ओळ छिन्नीने काढली गेली. खडकावर तेवढा खडबडीत चट्टा राहिला.

भिक्खू पुन्हा रोज सकाळी वेणुगावात उतरू लागले. कधी पात्र भरे, कधी अर्धे राही, आणि अर्धे राहिले की खाली काय चालले आहे ते वर कळे. सुयामाने कोठारीपण सोडले आणि खालची आळी मागून घेतली. शेवटच्या घराचे छप्पर पुढच्या पावसात बसले, मग भिंतीही गेल्या. तरी तो रोज तिथे जाई, सुलटे पात्र पुढे धरून उभा राही, एक पळी वाढायला लागतो तेवढा वेळ थांबे आणि मग परत फिरे. मरेपर्यंत त्याने ते घर गाळले नाही.

*

शास्त्यांनी ही कथा सांगितली, त्याला निमित्त घडले होते. एका धनवान उपासकाने विहाराला रोज गाडीभर शिधा पाठवायचे कबूल केले होते, आणि कोठार सांभाळणारा उत्तीय भिक्खू पहिली गाडी आल्याची बातमी घेऊन आनंदाने आला होता. तो म्हणाला, "भंते, आता भिक्षेला जायला नको. गरिबांनाही तेवढीच उसंत." शास्त्यांनी विचारले, "गरिबांना हे विचारलंस का?" उत्तीयाने मान खाली घातली, आणि मग शास्त्यांनी पूर्वजन्मीचे हे वृत्त सांगितले.

शेवटी ते म्हणाले, "भिक्खूंनो, त्या वेळचा पिंगल म्हणजे आज गाडी घेऊन आलेला गाडीवान. विनय जाणणारा तो पंडित म्हणजे हा उत्तीय. महाथेर वसभ म्हणजे आपल्यातला वृद्ध सीहक. तुंबी म्हणजे, आज सकाळी ऊन चढलं म्हणून ज्या शेवटच्या घरी न जाता तुम्ही परत फिरलात, त्या घरातली स्त्री. ती अजून दारात उभी असेल. आणि सुयाम तो मीच."

भिक्खूंनी आपापली पात्रे उचलली.

या कथेतली पारमिता, म्हणजे बोधिसत्त्वाने जन्मोजन्मी पूर्णत्वाला न्यायची साधना, प्रज्ञेची आहे. करुणा सुयामाजवळ भरपूर होती; जिच्यासाठी ती होती, तिच्या दाराशी जाऊन एकदा विचारायचे तेवढे राहिले होते.